पुतळा नको, प्रत ठेवा

२६ जुलै २०२४ च्या संध्याकाळी, भर पावसात, पॅरिस ऑलिंपिकच्या उद्‌घाटनात सेन नदीच्या काठी दहा सोनेरी पुतळे एकेक करून वर आले. फ्रान्सच्या इतिहासातल्या दहा स्त्रिया. त्यात सिमोन द बोव्हार होती, सिमोन व्हेल होती आणि आलिस गी होती. पहिल्या दोघींची नावं निदान कानावरून गेलेली असतात. तिसरी कोण, असं त्या रात्री जगभर अनेकांनी शोधलं असणार, आणि शोधणाऱ्याला बहुतेक ठिकाणी एकच ओळ मिळाली असणार : जगातली पहिली स्त्री चित्रपट-दिग्दर्शक.

ओळ चुकीची नाही. मात्र तिने आलिस गीचं भलं झालंय असं मला वाटत नाही. ‘पहिली’ म्हटलं की माणूस मान डोलावतो आणि पुढे सरकतो. सामान्यज्ञानाच्या पुस्तकात एका ओळीची भर पडते. ही बाई नाहीशी कशी झाली, तिला कोणी नाहीसं केलं, आणि तेच आज आपल्या डोळ्यांदेखत कोणाच्या बाबतीत घडतंय, हे प्रश्न त्या ओळीखाली गाडले जातात. माझं म्हणणं साधं आहे. मानसन्मान, पुतळे, पुरस्कार यांवर जेवढा पैसा आणि उत्साह खर्च होतो, त्याचा थोडा हिस्सा चित्रपटाच्या प्रती आणि तो करणाऱ्यांची नावं सांभाळण्यावर खर्च व्हायला हवा. तोही कोणाच्या लहरीवर न सोडता, कायद्याने. आलिस गीच्या आयुष्याची गोष्ट नीट वाचली तर दुसरा निष्कर्ष काढणं मला तरी जमलेलं नाही.

तिचा जन्म १८७३ चा, पॅरिसजवळच्या सँ-मांदेचा. वडील चिलीमध्ये पुस्तकांचा व्यवसाय करायचे. बालपणाची पहिली वर्षं स्वित्झर्लंडमध्ये आजीकडे गेली, मग चिली, मग फ्रान्समधल्या निवासी शाळा. व्यवसाय बुडाला, वडील गेले, आणि आई व मुलगी यांच्यापुढे पोटाचा प्रश्न उभा राहिला. आलिस टंकलेखन आणि लघुलेखन शिकली. १८९४ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, कॅमेरे आणि छायाचित्रणाचं सामान विकणाऱ्या एका कंपनीत सेक्रेटरी म्हणून लागली. वर्षभरातच ती कंपनी लेआँ गोमाँ यांच्या हाती आली. २२ मार्च १८९५ रोजी ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये निवडक मंडळींना हलती चित्रं दाखवणारं आपलं नवं यंत्र दाखवलं, तेव्हा गोमाँ यांच्याबरोबर तीही हजर होती. पडद्यावर कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार दिसत होते. तंत्रज्ञ मंडळी यंत्राकडे बघत होती. हिच्या मनात आलं की याच्यावर गोष्ट सांगता येईल. पुस्तकांच्या घरात वाढलेल्या मुलीला दुसरं काय सुचणार!

तिने मालकाकडे परवानगी मागितली. आठवणींमध्ये तिने लिहिलंय की परवानगी मिळाली, पण पत्रव्यवहाराच्या कामात खोटी होता कामा नये या अटीवर. म्हणजे सिनेमाची गोष्ट सांगण्याचा धंदा गोमाँ कंपनीत सुरू झाला तो टपालाचं काम उरकून, फावल्या वेळात. मालकाला हे खेळणं वाटलं होतं म्हणून ते एका बाईच्या हाती दिलं गेलं. पुढे त्याची इंडस्ट्री झाली आणि अक्कल सांगायला बाकीचे आले.

आता त्या ‘पहिल्या’च्या भानगडीकडे वळू. कोबीच्या गड्ड्यांतून बाळं काढणाऱ्या परीचा एक मिनिटाचा चित्रपट तिने केला. फ्रान्समध्ये मुलांना सांगतात की मुलगे कोबीच्या शेतात सापडतात. त्या समजुतीवर बेतलेला. तिच्या म्हणण्याप्रमाणे हा १८९६ चा. पण आज जी प्रत उपलब्ध आहे ती कंपनीच्या सूचीतल्या क्रमांकानुसार १९०० ची ठरते. म्हातारपणी तिने वर्णन केलेल्या प्रसंगांशी १९०२ चा आणखी एक चित्रपट जुळतो. १८९६ चा वेगळा चित्रपट होता आणि तो हरवला, की तिच्या आठवणीत वर्षं सरमिसळली, यावर अभ्यासकांची दोन तट पडून वर्षानुवर्षं भांडणं चालू आहेत.

हे भांडण आपल्याला ओळखीचं आहे. दादासाहेब तोरण्यांचा ‘पुंडलिक’ १८ मे १९१२ ला मुंबईत झळकला आणि फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ ला. मग पहिला कोण? ‘पुंडलिक’ हे रंगमंचावरच्या नाटकाचं चित्रण, कॅमेरामन इंग्रज, धुलाई लंडनला, म्हणून तो बाद, असं एक बाजू म्हणते. दुसरी बाजू तारखेवर बोट ठेवते. तिसरा कोणीतरी सावेदादांनी १८९९ मध्ये चित्रित केलेल्या कुस्तीची आठवण काढतो, आणि चर्चा पुन्हा पहिल्यापासून सुरू. या वादात किती शाई गेली याचा हिशेब नाही. आणि यातली गंमत अशी की ‘पुंडलिक’ आज कोणालाही पाहता येत नाही. ‘राजा हरिश्चंद्र’ची जी रिळं शिल्लक आहेत ती पूर्ण चित्रपटाची नाहीत, आणि ती मूळ १९१३ ची की फाळक्यांनी नंतर पुन्हा केलेल्या आवृत्तीची, याबद्दलही मतभेद आहेत. पाहायला चित्रपट नाही, भांडायला तारीख आहे.

तारखेवर सगळी इस्टेट लावली की तारीख डळमळली की इस्टेटही जाते. उद्या एखादा कागद सापडला आणि कोबीची परी १९०० चीच ठरली, तर आलिस गी कमी महत्त्वाची होईल का? मला विचाराल तर तिचा खरा दावा तारखेवर उभाच नाही. जवळपास दहा वर्षं, १९०७ पर्यंत, गोमाँ कंपनीची कथाचित्रांची निर्मिती तिच्या हाताखाली चालली. तिने माणसं नेमली, शिकवली. लुई फयाद पुढे फ्रेंच मूकपटांतला बडा माणूस झाला. त्याला लेखक म्हणून तिनेच घेतलं आणि जाताना आपल्या जागी त्याचं नाव सुचवलं. बोलपटांच्या पंचवीस वर्षं आधी, ध्वनिमुद्रिकेबरोबर चालणारी शंभरावर चित्रगीतं तिने केली. पद्धत अशी : गाणं आधी मुद्रित करायचं, मग गायकाने कॅमेऱ्यासमोर त्यावर ओठ हलवायचे. प्लेबॅकवर वाढलेल्या आपल्या देशाला हे समजावून सांगायची गरज नाही.

अशा एका चित्रीकरणाचं चित्रीकरण सुदैवाने शिल्लक आहे. पॅरिसच्या ब्यूत-शोमाँ भागातला गोमाँचा काचेच्या छताचा प्रचंड स्टुडिओ, मोठाले कर्णे लावलेलं ध्वनियंत्र, कलाकारांचा घोळका, आणि या सगळ्यात लांब पायघोळ पोशाखातली एक बाई, जी सूचना देतेय. छोटासाच तुकडा. पण कोणाच्याही प्रबंधापेक्षा मला तो जास्त पटतो. तिथे कोणी तिला ‘पहिली’ म्हणून मिरवत नाहीये. ती कामावर आहे, बाकीचे तिचं ऐकताहेत, आणि कोणालाही त्यात नवल वाटलेलं दिसत नाही.

तिचे जे चित्रपट उरले आहेत त्यांतला एक १९०६-०७ चा आहे, डोहाळ्यांवरचा. गरोदर बाई नवऱ्याबरोबर फिरायला निघते. नवरा मागून बाबागाडी ढकलतोय. बाईची नजर एका लहान मुलीच्या हातातल्या गोळीवर जाते. हिसकावते आणि चोखत सुटते. मग कॅफेत बसलेल्या गृहस्थाचा मद्याचा पेला, भिकाऱ्याच्या पुढ्यातला मासा, आणि शेवटी एकाची चिलीम. प्रत्येक चोरीनंतर कॅमेरा थेट तिच्या चेहऱ्याजवळ जातो आणि पडदाभर ते तृप्त, निर्लज्ज, गोड तोंड दिसतं. चोरलेली चिलीम ओढताना तर ती डोळे मिटून स्वर्गात पोचलेली असते. नवरा माफ्या मागत फिरतो. शेवटी कोबीच्या वाफ्यात बाळ सापडतं, अर्थात. तो काळ लांबून, नाटक बघितल्यासारखं, चित्रण करण्याचा होता. भावना दाखवण्यासाठी कॅमेरा माणसाच्या जवळ न्यायचा, हे तिने तेव्हा एका चावट विनोदासाठी वापरलं. आमच्याकडे डोहाळजेवणाची गाणी ढीगभर आहेत, पण डोहाळ्यांची ही गुंडगिरी पडद्यावर कोणी दाखवल्याचं मला आठवत नाही.

त्याच सुमाराचा दुसरा एक, स्त्रीवादाच्या ‘परिणामां’वरचा. त्यात पुरुष शिवणटिपण करतात, इस्त्री करतात, मुलं सांभाळतात, लाजतात. बायका कॅफेत पाय पसरून दारू पितात, सिगारेटी फुंकतात आणि दिसेल त्या पुरुषाची छेड काढतात. शेवटी पुरुष बंड करून कॅफे परत मिळवतात आणि पेले उंचावतात. वरवर पाहिलं तर बायकांना हक्क दिले तर काय अनर्थ होईल, ही त्या काळची टिंगल. पण बघता बघता लक्षात येतं की बायका जे काही घाणेरडं वागताहेत ते जसंच्या तसं पुरुषांकडून उचललेलं आहे. प्रेक्षागृहातला पुरुष हसतोय तो स्वतःलाच. हा कावा ज्या बाईला १९०६ मध्ये सुचला, तिच्याबद्दल बोलताना ‘पहिली’ एवढंच म्हणून थांबणं हा कद्रूपणा आहे.

आणि १९०६ मध्येच तिने ख्रिस्तचरित्र केलं. पंचवीस प्रवेश, सुमारे तीनशे जमावकलाकार, अर्ध्या तासाच्या वरची लांबी. जेम्स तिसो या चित्रकाराची बायबलची चित्रं समोर ठेवून देखावे उभारलेले. बाकीच्यांच्या ख्रिस्तपटांत बायका कोपऱ्यात असतात. इथे त्या जागोजागी आहेत, आणि येशूचा चेहरा पुसणारी व्हेरोनिका रुमाल उलगडून दाखवते तेव्हा कॅमेरा तिच्याजवळ येतो. कंपनीचा तोवरचा हा सर्वात मोठा खटाटोप. पुढे कित्येक वर्षं तो व्हिक्तोरँ झासे यांच्या नावावर सांगितला जात होता. झासे या चित्रपटावर तिचे सहायक होते.

इथे मराठी वाचकाचे कान टवकारतील, कारण फाळके. मुंबईत गिरगावातल्या एका तंबूत ख्रिस्ताचा चित्रपट पाहताना आपल्याला राम-कृष्ण, गोकुळ-अयोध्या दिसू लागली, हे त्यांनी स्वतः ‘नवयुग’ मासिकात १९१७ च्या लेखमालेत लिहून ठेवलंय. अलीकडे असं सर्रास लिहिलं जातं की तो चित्रपट आलिस गीचाच. म्हणजे भारतीय सिनेमाची ठिणगी एका फ्रेंच बाईने टाकली! गोष्ट इतकी गोड आहे की तिला नाही म्हणवत नाही. पण जरा थांबा. त्या काळात ख्रिस्तावर अनेक चित्रपट निघाले होते. पॅथे या दुसऱ्या फ्रेंच कंपनीचा तर जगभर फिरत होता, आणि काही अभ्यासकांचा कल त्याच्याकडे आहे. चित्रपटावर दिग्दर्शकाचं नाव घालायची पद्धतच नव्हती, त्यामुळे कोणाचं काम पाहून आपण वेडे झालो हे खुद्द फाळक्यांनाही कळण्याचा मार्ग नव्हता. ज्यांना आलिस गीबद्दल आस्था आहे त्यांनी ही गोष्ट पुरावा म्हणून वापरू नये. तिच्या नावावर दुसऱ्याचं काम लावणं हा तिच्यावर झालेल्या अन्यायाचा उतारा नव्हे. एक माणूस थिएटरात जातो, त्यातून एका देशाचा चित्रपट उद्योग उभा राहतो, आणि शंभर वर्षांनी कोणालाही छातीठोकपणे सांगता येत नाही की त्याने नेमकं काय पाहिलं. नोंद नसली की असं होतं. एवढं मात्र या प्रसंगातून ठामपणे म्हणता येतं.

अमेरिकेचा भाग मी भरभर सांगतो, कारण तो चढ-उताराच्या नेहमीच्या वाटेने जातो. १९०७ मध्ये हर्बर्ट ब्लाशे याच्याशी लग्न, मग समुद्रापार. १९१० मध्ये स्वतःची सोलॅक्स कंपनी, १९१२ मध्ये न्यू जर्सीतल्या फोर्ट ली इथे एक लाख डॉलरहून अधिक खर्चून बांधलेला स्टुडिओ. तिथे नटांसाठी ‘सहज वागा’ अशा पाट्या लावलेल्या असत. ‘फॉलिंग लीव्ह्ज’ या १९१२ च्या चित्रपटात, शेवटचं पान गळेपर्यंत ताई जगणार नाही असं डॉक्टरांच्या तोंडून ऐकलेली चिमुरडी बागेत जाऊन गळलेली पानं दोऱ्याने परत झाडाला बांधत बसते. साधी कल्पना, पण बघताना घसा दाटतो. १९१४ मध्ये तिने एका व्यवसाय-मासिकात लिहिलं की चित्रपट उभा करण्यातलं असं कोणतंही काम नाही जे बाईला पुरुषाइतकं सहज जमू नये. मग उद्योग हॉलिवूडकडे सरकला, नवरा दुसऱ्या बाईबरोबर कॅलिफोर्नियाला गेला, तिला स्वतःला इन्फ्लुएन्झाने गाठलं, कर्ज झालं, स्टुडिओ हातचा गेला. तिचा शेवटचा चित्रपट १९२० चा. १९२२ मध्ये घटस्फोट आणि दोन मुलांना घेऊन फ्रान्सला परत. तिथे तिला कोणी काम दिलं नाही. उरलेलं आयुष्य, आणि ते बरंच लांब होतं, तिने एकही चित्रपट केला नाही. काम केलं होतं हे दाखवायला एक रीळसुद्धा तिच्याजवळ नव्हतं.

१९२७ मध्ये ती अमेरिकेला गेली आणि वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये आपले चित्रपट शोधले. मिळाले नाहीत. १९३० च्या सुमारास गोमाँ यांनी कंपनीचा इतिहास सिद्ध केला, त्यात १९०७ पूर्वीच्या चित्रपटनिर्मितीचा पत्ताच नव्हता. म्हणजे तिची सगळी कारकीर्द गायब. तिने पत्र लिहून विचारलं. दुरुस्ती करू, असं उत्तर आलं. १९४६ मध्ये गोमाँ वारले, दुरुस्ती राहून गेली. १९५४ मध्ये त्यांच्या मुलाने, लुई गोमाँ यांनी, जाहीर भाषणात तिच्यावर अन्याय झाल्याचं बोलून दाखवलं. त्यानंतर सरकारी सन्मान झाला, सत्कार झाला. इतिहासकारांच्या चुका खोडत तिने स्वतःच्या चित्रपटांची यादी आठवून आठवून लिहिली, आत्मवृत्त लिहिलं, पण तिच्या हयातीत कोणी ते छापलं नाही. २४ मार्च १९६८ रोजी न्यू जर्सीत, चौऱ्याण्णव वर्षांची होऊन ती गेली. पुस्तक १९७६ मध्ये आलं. तिथल्या कबरीवर ती सिनेमाची आद्य दिग्दर्शक होती असा उल्लेख असलेला दगड बसला तो २०१२ मध्ये, फोर्ट लीच्या चित्रपट आयोगाच्या पुढाकाराने.

ही गोष्ट ‘पुरुषांनी बाईचं नाव पुसलं’ अशी सांगायची पद्धत आहे. खोटं नाही ते. श्रेय रिकामं दिसलं की ते जवळच्या पुरुषाच्या खात्यात जमा करायचं, ही सवय इतिहासकारांना होतीच. त्यांनी साक्षी काढल्या त्या पुरुषांच्याच. पण एवढ्यावर थांबलं तर दोष काही मेलेल्या माणसांवर ढकलून आपण मोकळे होतो. पुसायला सोपं का गेलं, हे विचारायला हवं. चित्रपट तेव्हा कापडासारखा मीटरवर विकला जायचा. प्रत विकत घेणारा ती झिजेपर्यंत दाखवायचा आणि फेकून द्यायचा. ती फिल्म नायट्रेटची. पेटली तर पाण्यातही विझत नाही, आणि नीट ठेवली नाही तर आपोआप कुजून तिची भुकटी होते. वर त्यातली चांदी काढून विकता यायची, त्यामुळे जुनी फिल्म ठेवण्यापेक्षा गाळणं फायद्याचं. नाव घालायची पद्धत नाही, प्रत ठेवायची सक्ती नाही. मग वाईट हेतूचीही गरज उरत नाही. नुसतं दुर्लक्ष पुरतं. तिने केलेल्या चित्रपटांचा आकडा हजाराच्या आसपास सांगतात. त्यातले कित्येक एक-दोन मिनिटांचे, आणि आकडा थोडा फुगलेलाही असेल. हाती लागलेत ते सुमारे दीडशे.

याउलट अमेरिकेत एक मजेदार प्रकार घडला. सुरुवातीच्या काळात तिथल्या कॉपीराइट कायद्यात चित्रपट नावाची वस्तूच नव्हती, छायाचित्र होतं. म्हणून काही निर्मात्यांनी आपल्या चित्रपटाची प्रत्येक चौकट कागदी पट्टीवर छापली आणि ‘ही आमची छायाचित्रं’ म्हणून ती भेंडोळी सरकारदरबारी जमा केली. १९१२ मध्ये कायदा बदलला, प्रथा बंद झाली, भेंडोळी तळघरात पडून राहिली. मूळ फिल्म जळल्या, कुजल्या. कागद टिकला. पुढे त्या पट्ट्यांवरून तीन हजारांच्या आसपास चित्रपट पुन्हा फिल्मवर आणता आले. यात कोणाचं कलाप्रेम नव्हतं, वारशाची कळकळ नव्हती. एक फॉर्म भरायचा होता आणि त्याला प्रत जोडायची होती. रसिकतेपेक्षा कारकुनी कधीकधी जास्त उपकारक ठरते, हे कबूल करायला आपल्याला जड जातं.

म्हणून पुतळ्यांपेक्षा मला अटी हव्या आहेत. आपल्याकडे फाळक्यांच्या नावाने १९६९ पासून देशातला सर्वोच्च चित्रपट पुरस्कार दिला जातो. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ चं, म्हणजे पुरस्काराहूनही जुनं. पण या देशात हजाराहून अधिक मूकपट निघाले आणि त्यातले पूर्ण म्हणावेत असे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके राहिले. जे राहिले तेही हे संग्रहालय उभारणाऱ्या पी. के. नायर यांच्यासारखा वेडा माणूस नाशिकला फाळक्यांच्या घरच्यांकडे, आणखी कुठे कुठे, रिळं मागत फिरला म्हणून. २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली, त्यात मूळ रिळं गेली. फातमा बेगम यांनी १९२६ मध्ये ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. त्यांनाही आपण ‘भारतातली पहिली स्त्री-दिग्दर्शक’ म्हणतो आणि थांबतो, कारण दाखवायला चित्रपटच नाही. सरस्वतीबाई फाळके रात्री बसून कोऱ्या फिल्मच्या कडेला भोकं पाडायच्या, फिल्म धुवायच्या, दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करायच्या. आज त्यांना आपण काय म्हणतो? दादासाहेबांना साथ देणारी पत्नी. कॅमेऱ्यात फिल्म चढवण्याआधी ती तयार करणाऱ्या माणसाला चित्रपट-व्यवसायात तंत्रज्ञ म्हणतात.

आता कुठे असं होतं, आता सगळं डिजिटल आहे, असं कोणी म्हणेल. डिजिटल हीच तर काळजीची गोष्ट आहे. नायट्रेटच्या डब्यात पन्नास वर्षांनी निदान काहीतरी दिसायचं. हार्ड डिस्क दहा वर्षं कपाटात पडली की ती चालू होईलच याची खात्री नसते. थिएटरला जाणारी प्रत कुलूपबंद असते आणि तिची किल्ली ठरावीक तारखांपुरतीच चालते. मुदत संपली की थिएटरमधली ती प्रत असून नसल्यासारखी. मूळ साहित्य निर्मात्याच्या ऑफिसात किंवा एखाद्या पोस्ट-प्रॉडक्शन स्टुडिओत, बिल थकलेलं असेल तर अडवलेलं. एका चित्रपटानंतर कंपनी बंद झाली की ते कुठे गेलं हे विचारायला माणूस नाही. आणि मराठीत एका चित्रपटापुरत्या निघालेल्या कंपन्या थोड्या नाहीत. जुन्या रिळांचं डिजिटायझेशन सरकारी मोहिमेत चाललंय, ते चांगलंच आहे. पण गेल्या वीस वर्षांतले लहान चित्रपट जुने नाहीत म्हणून त्यात नाहीत, आणि मौल्यवान ठरतील तोवर राहतील याची शाश्वती नाही.

नावांचं तर विचारूच नका. टीव्ही मालिकेची श्रेयनामावली एका कोपऱ्यात दाबून सर्रकन पळवतात. ओटीटीवर चित्रपट संपल्याबरोबर पुढचं काहीतरी सुरू होतं. नावं बघायची तर रिमोटशी झटापट करावी लागते. सहायक दिग्दर्शक, संवादांवर हात फिरवणारे, ध्वनीवर काम करणारी पोरं-पोरी यांची ओळख आज व्हॉट्सअॅप ग्रुपवर आणि एकमेकांच्या शब्दावर टिकून आहे. पन्नास वर्षांनी यातली एखादी ‘ते काम माझं होतं’ म्हणाली तर आपण तिला पुरावा मागू. आलिस गीनेही आयुष्याची शेवटची वर्षं तेच केलं, हरवलेल्या गोष्टींचे पुरावे स्मरणातून उभे करत.

यावर नेहमीचा आक्षेप येतो : सगळंच कशाला ठेवायचं? वर्षाला निघणाऱ्या चित्रपटांत ठेवण्यालायक किती असतात? निवड करा, चांगलं तेवढं जपा. ऐकायला शहाणपणाचं वाटतं. पण १९०६ मध्ये अशी निवड समिती बसली असती तर तिने ख्रिस्तचरित्र ठेवलं असतं आणि डोहाळ्यांचा तो चावट तुकडा केराच्या टोपलीत टाकला असता. आज मला विचाराल तर दुसरा अधिक मोलाचा वाटतो. काय मोलाचं, हे ठरवायचा हक्क पुढच्यांचा. आपलं काम त्यांच्यापर्यंत माल पोचवण्याचं, हमाली म्हणा हवं तर. पुस्तकांच्या बाबतीत हे तत्त्व आपण कधीच मान्य केलंय : १९५४ च्या कायद्याने प्रकाशकाला प्रत्येक पुस्तकाची प्रत ठरलेल्या ग्रंथालयांना द्यावी लागते, मग ते पुस्तक ज्ञानेश्वरीवरचं असो की वजन कमी करण्याचं.

दुसरा आक्षेप पैशांचा, आणि तो खरा आहे. तापमान सांभाळणारी दालनं, दर काही वर्षांनी नव्या माध्यमावर प्रत उतरवणं, ते करणारी माणसं, हे फुकट होत नाही. लहान निर्मात्याच्या गळ्यात हे घालून चालणार नाही; प्रत त्याची, सांभाळण्याचा खर्च सरकारचा, अशीच विभागणी हवी. चित्रपट बाहेर फुटण्याची त्याला भीती असेल तर ठरावीक वर्षं प्रत मोहोरबंद ठेवा. पण सुरुवातीला लागणारी यंत्रणा नव्याने उभारायची नाहीये. थिएटरात जाणारा प्रत्येक चित्रपट प्रमाणपत्रासाठी सेन्सॉर बोर्डाच्या दारात उभा राहतोच. तिथे कोणती शिवी गाळायची, कोणतं दृश्य किती सेकंदांनी कापायचं, याची बारकाईने नोंद होते. त्याच टेबलावर दोन गोष्टी सक्तीने मागाव्यात : कुलूप नसलेली, जतनासाठीची प्रत पुण्याच्या संग्रहालयात पोचल्याची पावती, आणि काम केलेल्या प्रत्येकाच्या नावाची व कामाची सही-शिक्क्याची यादी. मराठीपुरतं तर दिल्लीची वाटही बघायला नको. राज्य सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देतं, आणि अनुदानाच्या फाइलला दहा कागद जोडायची निर्मात्यांना सवय आहे. अकरावा आणि बारावा हे जोडायला लावा, आणि ते नसतील तर शेवटचा हप्ता अडवा.